तिसरा साप

“यावर कुणाचा विश्वास बसणार नाही, आणि बसलाच तर आधी मी त्याची नाडी बघेन,” डॉक्टर सदानंद तुळसकर सेफ्टी डोअरच्या जाळीला नाक टेकवून म्हणाले, “पण मी आयुष्यभर जे पेशंट तपासले, ते सगळे माझ्याकडे यायच्या आधीच वारलेले होते. लाखभर तरी असतील. एकानेही तक्रार केली नाही.”

जाळीच्या पलीकडे, पॅसेजमध्ये, समोरच्या फ्लॅटचा प्लासिड प्लास्टिकच्या खुर्चीत बसून लसूण सोलत होता. चौतीस वर्षं एसटी चालवलेला माणूस. समोरून काहीही आलं तरी स्टिअरिंग हलू द्यायचं नाही, ही त्याची सवय. त्याने पाकळीवर फुंकर मारली.

“म्हणूनच सरकारने तुम्हाला दवाखान्यातून उचलून कचेरीत नेऊन ठेवलं असणार, डॉक्टर. जिवंत माणसांची काळजी त्यांनाही असते थोडीफार.”

प्लासिडच्या उंबऱ्याला टेकून खाली बसलेली जिजा तोंडाला पदर लावून हसली. ती प्लासिडकडे दुपारचा स्वयंपाक करायला यायची. मांडीवर सूप, सुपात सुका जवळा. त्यातला कचरा निवडता निवडता रोज अर्धा तास डॉक्टरांच्या गोष्टी ऐकायच्या, हा तिचा विसावा. डॉक्टर आत, श्रोते बाहेर. येणाऱ्याजाणाऱ्या कुरिअरवाल्यांना हा प्रकार प्राणिसंग्रहालयासारखा वाटे. फक्त पिंजऱ्यात कोण आणि बघायला आलेलं कोण, याबद्दल डॉक्टरांचं मत वेगळं होतं.

सेफ्टी डोअरला बाहेरून कुलूप होतं. मुलगा कौस्तुभ आणि सून अश्लेषा पावणेआठला कामावर जायला निघत, तेव्हा ते लागे. संध्याकाळी सात-साडेसातला निघे. मधल्या बारा तासांत डॉक्टरांकडे दीड बेडरूम, टीव्ही, झाकून ठेवलेलं ताट आणि गॅलरी. गॅलरीलाही ग्रिल. ग्रिलमधून विरारच्या बोळिंजचं आभाळ चौकोन चौकोन करून मिळायचं. हॉलच्या भिंतीपासून दारापर्यंत चौदा पावलं होती. डॉक्टरांनी ती मोजली होती, आणि पहिल्या दिवसापासून तेविसाव्या दिवसापर्यंत रोज मोजून सरासरीही काढली होती. सरासरी चौदाच आली.

चावी प्लासिडकडे असे, त्याच्या घरातल्या येशूच्या आल्ताराखालच्या खिळ्याला. त्याने कौस्तुभला शब्द दिला होता: आग लागली किंवा भूकंप झाला तरच कुलूप उघडायचं.

आता कुलपामागचा हा माणूस काही वेडा नव्हता, की विसरभोळा नव्हता. पंचाहत्तरीला टेकलेला, पण एकोणीसशे एक्क्याऐंशीच्या ठाणे जिल्ह्याचा बालमृत्यूचा आकडा झोपेतून उठवलं तरी सांगेल असा. त्याचा गुन्हा एवढाच, की त्याने पाहणी सुरू केली होती.

त्यांच्या कॉम्प्लेक्सला ए पासून जी पर्यंत सात विंगा, प्रत्येकीत अठ्ठेचाळीस घरं. एक दिवस डॉक्टरांनी कार्डबोर्डला कागद लावला, शर्ट खोचला आणि ए विंगच्या पहिल्या दाराची बेल वाजवली. “नमस्कार. गेल्या पाच वर्षांत या घरातलं कुणी वारलं का?” पहिल्या घरातल्या बाईने दार लावून घेतलं. दुसऱ्या घरातला गृहस्थ म्हणाला, “अजून तरी नाही. पण तुम्ही बसा, आमचे तात्या उठतील एवढ्यात.” नव्या लग्नाच्या जोडप्यांना विचारलं, गणपती बसलेल्या घरात विचारलं, बारशाच्या मांडवात जाऊनही विचारलं. लोक चिडले, रडले, मग हळूहळू बोलायला लागले. डॉक्टरांच्या हातात ही कला होतीच. सहा विंगा झाल्या. दोनशे अठ्ठ्याऐंशी घरांत सदतीस मृत्यू, आणि त्यांतले नऊ बाथरूममध्ये पाय घसरून! सगळ्या बाथरूमना बिल्डरने एकाच तऱ्हेच्या गुळगुळीत फरशा बसवलेल्या. डॉक्टरांनी तक्ता करून नोटीस बोर्डावर लावला. सेक्रेटरी जितेंद्रने तो तासाभरात काढला आणि कौस्तुभला फोन केला.

“बाबा, लोक फ्लॅट बघायला येतात हो इथे!” कौस्तुभ त्या रात्री जेवणाच्या ताटावरून ओरडला होता. “आणि तुम्ही लिफ्टमध्ये त्यांना विचारता, आधीच्या मालकाचं काय झालं माहीत आहे का म्हणून!”

“माहीत नव्हतं त्यांना. मी सांगितलं.”

“बाबा, प्लीज.” अश्लेषाने त्यांच्या पानात आमटी वाढली. “जरा थांबा ना. लोक नाही नाही ते बोलतात तुमच्याबद्दल.”

“जी विंग राहिली आहे. अठ्ठेचाळीस घरं. एवढी झाली की थांबतो.”

दुसऱ्या दिवसापासून कुलूप. आणि उद्या सकाळी साडेसहाला गाडी येणार होती, डॉक्टरांना मुलीकडे, उन्नतीकडे, नागपूरला पोचवायला. ‘हवापालट’ असं त्याचं नाव होतं. हवा कधी उलट पालटून परत आणणार, ते कुणी सांगत नव्हतं. बॅग भरून हॉलमध्ये उभी होती. म्हणजे जी विंग व्हायची असेल तर आज. आजच्या आज.

“पन त्या मेलेल्यांना तपासता कसा, ते सांगा ना,” जिजा म्हणाली. हे तिने पूर्वी तीनदा ऐकलं होतं. चांगल्या श्रोत्याची ती खूण.

“सांगतो. मी एमबीबीएस झालो, आणि वसईच्या पूर्वेला सरकारी दवाखान्यात लागलो. पहिल्याच दिवशी गावागावांची मृत्यूची रजिस्टरं बघितली. प्रत्येक नावापुढे कारण काय? ताप. माडावरून पडला, ताप. विहिरीत पडली, ताप. एकाला बैलाने शिंगावर घेतलेला, त्याच्यापुढेही ताप!”

“बैलाला असेल,” प्लासिड म्हणाला.

“हसू नका. राज्याच्या राजधानीत साहेब लोक तो कागद बघून म्हणायचे, तापाच्या गोळ्या पाठवा. आणि गोळ्या यायच्या. पोती भरभरून! अहो, गोळ्यांनी माडावर चढता येतं का?”

मग त्यांनी काय केलं, ते मात्र अगदी खरं होतं, आणि ते त्यांच्याआधी त्या खात्यात कुणाला सुचलं नव्हतं. त्यांनी तेवीस प्रश्न तयार केले. धाप लागत होती का? पाय सुजले होते का? बाई असेल तर दिवस गेले होते का? रक्त किती गेलं? साधे प्रश्न, घरच्या भाषेतले. कुणीही शिकलेल्या पोराने मयताच्या घरी जाऊन, पाणी पिऊन, सावकाश विचारायचे. उत्तरं जुळवली की माणूस कशाने गेला ते कळतं. डॉक्टरांनी आधी एका गावात करून दाखवलं, मग तालुक्यात, मग जिल्ह्यात, आणि सरकारने त्यांना स्टेथोस्कोप खाली ठेवायला सांगून मंत्रालयाजवळच्या एका कचेरीत खुर्ची दिली. तीस वर्षं ते तिथे बसले. त्यांचे वर्गमित्र मोठे सर्जन झाले. त्यांची बायको, विनया, असेपर्यंत लग्नाकार्यात सांगायची, “लोकांचे नवरे औषध देतात. माझा टक्केवारी देतो.”

एवढं खरं. पुढे डॉक्टरांचा घोडा उधळायचा. पहिल्या गावातली घरं मंगळवारी दोनशे चौदा असत, शुक्रवारी तीनशे चाळीस. एका गोष्टीत तर त्यांनी एका म्हशीलाच प्रश्न विचारला होता, आणि तिने पुढचा उजवा पाय उचलून उत्तर दिलं होतं. माझं स्वतःचं आयुष्य गोष्टी रचून सांगण्याच्या याच धंद्यात गेलेलं असल्यामुळे मी त्यांना नावं ठेवणार नाही. बारा तास कुलपात असलेल्या माणसाने आकड्यांना तरी मोकळं सोडायचं नाही, तर काय करायचं?

तेवढ्यात प्लासिडचा फोन वाजला. भुईगावच्या वाडीत नारळ पाडायला माणूस आला होता आणि भाऊ फ्रेडरिक एकटाच होता. प्लासिड उठला. लसणाची ताटली त्याने जिजाच्या सुपाशेजारी ठेवली, आत गेला, शर्ट बदलून आला. हातात डॉक्टरांची चावी होती.

“जिजा, ही ठेव. मी दोनपर्यंत येतो. आणि ऐक, याला उघडायचं नाही. रडला तरी नाही, गाणं म्हटलं तरी नाही.”

“मी गात नाही,” डॉक्टर म्हणाले.

“देवाची कृपा,” प्लासिड म्हणाला आणि लिफ्टमध्ये शिरला.

पॅसेज एकदम रिकामा झाला. जिजाने चावी कमरेला खोचली आणि परत जवळा निवडायला लागली. डॉक्टर जाळीपाशी स्टूल ओढून बसले. तेवीस दिवसांत पहिल्यांदाच चावी आणि ते यांच्यामध्ये एसटीचा ड्रायव्हर नव्हता.

“जिजाबाई, एक तास. जी विंग खाली उतरलं की समोरच. मी साडेबाराला परत आत. तुम्ही कुलूप लावा. कुणाला कळणार नाही.”

“नाय हो डाक्टर. माजा काम जाईल.”

“काम गेलं तर मी दुसरं देईन.”

“तुमी? तुमाला सवताला उद्या घालवतात नागपूरला.”

डॉक्टरांची नजर हॉलमधल्या बॅगेकडे गेली. जिजालाही ते लागलं. सूप झटकत ती म्हणाली, “येवढी घरा केलीत. थोडी रायली तर काय बिघडतो?”

“काय बिघडतं?” डॉक्टर स्टुलावरून उठलेच. “जिजाबाई, एक घर सुटलं तरी सगळा तक्ता खोटा होतो. मी माझ्या सगळ्या पोरांना हेच शिकवलं. ऊन असो, चिखल असो, कुत्रा अंगावर येवो, घर सोडायचं नाही! मी कधी सोडलं नाही. एकदाही नाही. ऐका. ही गोष्ट प्लासिडला सांगितलेली नाही, तो मध्ये बोलतो.”

ही त्यांची ठेवणीतली गोष्ट होती. भाषणात सांगितलेली, निरोप समारंभात सांगितलेली. ती ऐकून एकदा एक मोठे सचिव डोळे पुसत उठले होते. आज ती एका चावीसाठी काढायची होती.

“चांदीप,” डॉक्टर म्हणाले. “माझं पहिलं गाव. तिथेच सगळं सुरू झालं.”

जिजाची बोटं जवळ्यात थांबली. डॉक्टरांच्या ते लक्षात आलं नाही. त्यांनी कॉम्प्लेक्समधल्या दोनशे अठ्ठ्याऐंशी घरांना माणसं कुठली ते विचारलं होतं. पण त्या घरांत येऊन भाकऱ्या थापणाऱ्या बायांसाठी कागदावर रकानाच नव्हता. जिजा विरारच्या पूर्वेकडून, फुलपाड्यावरून येते एवढं ते जाणून होते. त्याआधी कुठून, ते राहून गेलेलं.

“कंचा साल?” जिजाने विचारलं.

“एकोणऐंशी. भादवा. शेतं भरलेली, ओढा दोन पुरुष चढलेला. सगळी घरं झाली होती. दोनशे तेरा. वर्षभरातले मृत्यू एकोणीस. आता गंमत बघा. वरून हुकूम होता, एका गावात एकाच कारणाचे तीन मृत्यू सापडले तर सरकार त्यावर इलाज पाठवेल. दोन सापडले तर नाही. आणि माझ्या कागदावर काय? साप चावून गेलेले दोन. बाळंतपणात गेलेल्या दोन. दोघींचं, दोघांचं, एकेकाने हुकतंय! आणि एक घर राहिलेलं. त्या घरातली बाई महिन्याभरापूर्वी गेलेली. आता ती कशाने गेली, त्यावर गावाचं नशीब!”

“घर कुठं होता?”

तिने विचारलं याचा डॉक्टरांना आनंद झाला. गोष्ट पकड घेत होती.

“ओढ्यापलीकडे. एकटंच. मोठी चिंच होती. नवऱ्याचं नाव धर्मा. संध्याकाळ होत आलेली. बांधावर एक शेतकरी उभा होता, तो म्हणाला, साहेब, जाऊ नका, पाणी ओढून नेईल. मी म्हटलं, घर सोडायचं नाही. रजिस्टर धोतराच्या फडक्यात बांधलं, डोक्यावर घेतलं आणि टाकली उडी! मधोमध एक लाकडाचा ओंडका वाहत आला. त्याच्यावर कोण बसलेलं? मगर!”

“मगर,” जिजा म्हणाली.

“लहान होती,” डॉक्टरांनी तडजोड केली. “पण होती. तिने माझ्याकडे बघितलं, मी तिच्याकडे. पोचलो पलीकडे. धर्मा ओटीवर बसून रडत होता. आणि त्याची पोरगी, असेल दहाएक वर्षांची, तिने मला गुळाचा कोरा चहा करून दिला. थरथरत होतो ना मी. ॲल्युमिनियमच्या पेल्यात. तो चहा मी अजून विसरलो नाही.”

आणि विसरले नव्हतेच. पंचेचाळीस वर्षं सांगून सांगून त्या चहाला चव आली होती. थोडी करपट, गुळाने जड. आताही ती जिभेवर आली आणि त्यांचा आवाज खरोखरच भरला.

“मग?” जिजा उठून उभी राहिली होती. सूप खाली ठेवलेलं.

“मग तेवीस प्रश्न. एकेक करून. पोरगी सांगत गेली, मी लिहीत गेलो. आई गवत कापायला गेलेली, घोट्याला पान लागलं, तासाभरात गेली. तिसरा साप! मिळाला की हो तिसरा साप! मी तक्ता पाठवला आणि सरकार हललं. दोन महिन्यांत दवाखान्यात रॉकेलवर चालणारा फ्रीज आला, सापाच्या लशीने भरलेला. हार घालून आणला बैलगाडीतून. सगळ्या जिल्ह्यात चांदीपचा तक्ता गाजला. तिथून मला वर बोलावलं. म्हणून सांगतो, जिजाबाई. एक घर. मी त्या दिवशी त्या एका घरी गेलो नसतो, तर?”

जिजाने कमरेची चावी काढली.

ती जाळीपाशी आली, कुलपात चावी घातली. कुलूप जाम होतं, तिने दुसऱ्या हाताने धरून ते फिरवलं. कडी सरकली. दार बाहेरच्या बाजूला उघडलं आणि पॅसेजमधली हवा, जवळ्याच्या वासाची, आत आली.

डॉक्टरांनी घाईघाईने चपला शोधल्या. कार्डबोर्ड फ्रीजवर होता, तो काढला, पेन खिशाला लावलं, शर्ट खोचला. उंबऱ्याबाहेर एक पाय टाकला तेव्हा त्यांच्या लक्षात आलं, की जिजा कुलूप हातात धरून तिथेच उभी आहे आणि त्यांच्या तोंडाकडे बघते आहे.

“तुमचे उपकार आहेत, जिजाबाई.”

“डाक्टर, चांदीपला वड्याच्या पल्याड येकच घर होता. चिंचेखाली.” ती हळू बोलत होती, आत कुणी झोपलं असावं तशी. “धर्मा माजा बापूस.”

डॉक्टरांनी कार्डबोर्ड छातीशी धरला.

“वडा आठ दिस उतरला नाय त्या टायमाला. पल्याडच्या बांधावर कोन शर्टप्यांटवाला उबा हाय, येवढा मी बघलेला. मला वाटला, येईल. तो बसला, कायतरी लिवला, आनि गेला.”

“तो शेतकरी म्हणाला की...” डॉक्टर म्हणाले. “मला ताप होता. मला खरंच ताप होता त्या दिवशी.”

“माजी आयस बालंतपनात गेली. दोन दिस नि येक रात. आडवा होता पोर. रगत सगल्या ओटीवर. कोनी विचारला असता तर मी सांगला असता, मी तिथंच होती, तिचा डोका मांडीवर घेऊन.” तिने कुलूप एका हातातून दुसऱ्या हातात घेतलं. “तो फ्रीज मी बघलाय. फुडच्या साली माजी मावशी त्याच फ्रीजच्या बाजूला बाकड्यावर गेली. तशीच. सुईन नव्हती, नर्स नव्हती. फ्रीज होता.”

खाली कुठेतरी लिफ्टचं दार वाजलं. लिफ्ट या मजल्यावर आली नाही.

जिजा बाजूला झाली. जिन्यापर्यंतची वाट मोकळी होती, खाली उतरलं की समोर जी विंग. डॉक्टरांचा एक पाय बाहेर होता, एक आत. कोणता उचलायचा, ते त्यांना ठरवता येईना.

“आनि च्या कुठला हो?” जिजा म्हणाली. “आमच्याकडं च्याची पूड दिवालीला यायची. खोटा बोलता तुमी, डाक्टर. तुमी आमच्या घरी आलाच नाय.”